विकतचा रिसाला

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्रिटिश घोडदळातल्या कॅप्टनच्या हुद्द्याची किंमत 3,225 पौंड होती. किंमत म्हणजे खरोखरची किंमत, रोख मोजून द्यायची. सरकारने त्याचं दरपत्रकच ठरवून दिलेलं होतं. साध्या घोडदळ रेजिमेंटमधला सर्वांत धाकटा अधिकारी, म्हणजे कॉर्नेट, 840 पौंड. लेफ्टनंट 1,190. मेजर 4,575. रेजिमेंटचा प्रत्यक्ष कारभार ज्याच्या हाती असे तो लेफ्टनंट कर्नल 6,175. पायदळ स्वस्त होतं, तिथे लेफ्टनंट कर्नलचा हुद्दा 4,500 पौंडांना मिळे. फूट गार्ड्स या राजाच्या खास पायदळात मात्र त्याच हुद्द्याला 9,000 पडत.

जेम्स ब्रुडनेल, कार्डिगनचा सातवा अर्ल, याचं चरित्र वाचताना हे दरपत्रक शेजारी उघडं ठेवावं. 25 ऑक्टोबर 1854 रोजी क्रिमियातल्या बालाक्लाव्हाच्या दरीत सहाशेवर स्वार घेऊन थेट तोफांच्या तोंडी गेला तो हा सेनापती. पुढून बटणं असलेल्या लोकरी स्वेटरला ज्याच्या उपाधीचं नाव चिकटलं तोही हाच. त्याच्याबद्दल लिहिणारे बहुतेक जण त्याला शूर तरी म्हणतात किंवा मूर्ख तरी. माझ्या मते दोन्ही शब्द मूळ प्रश्नाला हात घालत नाहीत. शौर्य त्याच्याकडे होतं, त्याच्या शत्रूंनीही ते फारसं नाकारलं नाही. पण पैसे मोजून हुद्दा मिळाला की त्याबरोबर शेकडो माणसं आणि शेकडो घोडी ताब्यात येत, आणि त्यांना सांभाळायला शिकण्याची पायरी त्या दरपत्रकात कुठेच नव्हती. कार्डिगनच्या आयुष्यात जे जे बिघडलं, त्याचा माग काढत गेलं की बहुतेक वेळा आपण याच जागी येऊन पोहोचतो.

हा व्यवहार चालायचा कसा ते आधी नीट बघू. समजा एका रेजिमेंटमधला कॅप्टन निवृत्त व्हायचं ठरवतो. सरकार त्याला पेन्शन देत नाही. त्याचा हुद्दा हीच त्याची पुंजी. तो 3,225 पौंडांना हुद्दा विकायला काढतो. पहिला हक्क त्याच रेजिमेंटमधल्या सर्वांत ज्येष्ठ लेफ्टनंटचा. त्याने पूर्ण रक्कम द्यायची नसते, फक्त फरक भरायचा: 3,225 वजा 1,190, म्हणजे 2,035 पौंड. त्याची रिकामी झालेली जागा ज्येष्ठ कॉर्नेट घेतो, तो 350 पौंडांचा फरक भरतो. कॉर्नेटच्या जागेवर बाहेरून एखादा नवा मुलगा 840 पौंड देऊन येतो. 2,035, 350 आणि 840 मिळून बरोबर 3,225 होतात आणि ते जाणाऱ्या कॅप्टनच्या पदरात पडतात. सरकारच्या तिजोरीतून एक पैसाही गेला नाही आणि तीन बढत्या झाल्या.

कागदावर हे फार सुबक दिसतं. प्रत्यक्षात सरकारी दराने हुद्दा क्वचितच मिळे. वरचे पैसे द्यावेच लागत, विशेषतः घोडदळात आणि त्यातही भपकेबाज रेजिमेंटमध्ये. ही वरकमाई कायद्याने गुन्हा होती आणि सगळ्यांना माहीत होती. ज्येष्ठ लेफ्टनंटकडे पैसे नसले तर हक्क त्याच्या खालच्याकडे जाई, त्याच्याकडेही नसले तर आणखी खाली. वीस वर्षं नोकरी केलेला, लढाया पाहिलेला माणूस त्याच जागी राही आणि काल मिसरूड फुटलेला पोरगा त्याच्या डोक्यावरून वर चढे. आणखी एक क्रूर कलम होतं. अधिकारी लढाईत मेला तर त्याच्या हुद्द्याची किंमत बुडे. जागा ज्येष्ठाला फुकट मिळे आणि बायकामुलांच्या हाती त्या हजारो पौंडांतलं काहीच पडत नसे. आयुष्यभराची पुंजी खिशात घेऊन माणूस तोफांसमोर उभा राही, आणि लढाईच्या आदल्या दिवशी हुद्दा विकून बाहेर पडणं ही कायमची बेअब्रू.

तोफखान्यात आणि इंजिनीअरांच्या दलात ही खरेदी-विक्री नव्हती. तोफेचा कोन आणि भिंतीखालचा सुरुंग पैशाने कळत नाही, हे सरकारला मान्य होतं. ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजांतही ती नव्हती. मुंबई इलाख्याच्या फौजेत अधिकारी ज्येष्ठतेने, कासवाच्या गतीने वर जात. त्यामुळे आपल्याकडे एकाच छावणीत दोन तऱ्हेचे गोरे अधिकारी शेजारी शेजारी असत: राजाच्या रेजिमेंटमधले विकत घेतलेल्या हुद्द्यांचे आणि कंपनीचे वाट पाहून म्हातारे झालेले.

या पद्धतीने सगळे नालायकच वर आले असं म्हणता येत नाही. आर्थर वेलस्लीने भावाच्या पैशांवर 1793 साली 33 व्या पायदळ रेजिमेंटची लेफ्टनंट कर्नलकी घेतली. पण तो ती पलटण घेऊन हिंदुस्थानात आला आणि इथे त्याने बैल, धान्य, रस्ते आणि नद्यांचे उतार यांचा हिशेब शिकून घेतला. 23 सप्टेंबर 1803 रोजी आपल्या जालना जिल्ह्यातल्या असईला तो शिंदे-भोसल्यांच्या फौजांसमोर उभा राहिला तेव्हा दहा वर्षांची शिकवणी त्याच्या गाठीशी होती. पुढे ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाल्यावर त्याने हुद्देखरेदीचं आयुष्यभर समर्थन केलं. त्याचा मुद्दा राजकीय होता: ज्याची देशात जमीनजुमला आहे तो सैन्य घेऊन सरकार उलथायला जाणार नाही. सैन्याच्या जोरावर सत्ता घेणाऱ्या क्रॉमवेलच्या काळाची भीती इंग्लंडच्या मनातून दोनशे वर्षांनीही गेली नव्हती. वेलिंग्टन एक गोष्ट मात्र विसरला. त्याच्यासारखा शिकणारा माणूस दर वेळी मिळेल याची हमी त्या पद्धतीत नव्हती.

जेम्स ब्रुडनेलचा जन्म 16 ऑक्टोबर 1797 चा, बकिंगहॅमशरमधल्या हॅम्बल्डनचा. अनेक बहिणींत हा एकच मुलगा. 1811 मध्ये वडील कार्डिगनचे सहावे अर्ल झाले आणि नॉर्थहॅम्प्टनशरमधली डीन पार्क ही 1514 पासूनची घराण्याची वास्तू त्यांच्याकडे आली. अर्ल हा इंग्रजी उमरावशाहीच्या पाच पायऱ्यांतला मधला: वर ड्यूक आणि मार्क्वेस, खाली व्हायकाउंट आणि बॅरन. आपल्याकडच्या वतनासारखी ही उपाधी पिढीजात चाले, पण एक मोठा फरक होता. वतनात भाऊबंद वाटेकरी असत. इथे सगळं थोरल्याला. बाप जिवंत असेपर्यंत थोरल्या मुलाने शिष्टाचार म्हणून लॉर्ड म्हणवून घ्यायचं, कायद्याने मात्र तो सामान्य प्रजाजनच. म्हणून त्याला हाउस ऑफ कॉमन्सची निवडणूक लढवता येई. लॉर्ड ब्रुडनेल 1818 मध्ये, वयाच्या विशीत, मार्लबरोचा खासदार झाला. तो मतदारसंघ त्याच्या नातलग उमरावाच्या खिशातला होता. म्हणजे हुद्द्याच्या आधी संसदेची जागाही त्याला अशीच हातात मिळाली होती.

सैन्यात तो उशिरा आला, 1824 च्या मे महिन्यात, सव्विसाव्या वर्षी, 8 व्या हुसार्स या हलक्या घोडदळाच्या रेजिमेंटमध्ये कॉर्नेट म्हणून. मग बघा: 1825 च्या जानेवारीत लेफ्टनंट, 1826 च्या जूनमध्ये कॅप्टन, 1830 च्या ऑगस्टमध्ये मेजर आणि त्याच डिसेंबरात लेफ्टनंट कर्नल. शेवटचा हुद्दा अर्ध्या पगारावरचा, रेजिमेंटशिवायचा. म्हणजे आधी पायरी विकत घ्यायची आणि मग त्या पायरीला साजेशी रेजिमेंट शोधायची. 1832 मध्ये ती मिळाली, 15 वे हुसार्स. त्यासाठी त्याने 35,000 पौंडांच्या वर मोजल्याचं तेव्हापासून बोललं जातं. सरकारी दर 6,175 होता. पायदळातल्या साध्या शिपायाला तेव्हा दिवसाला एक शिलिंग पगार होता आणि वीस शिलिंगांचा एक पौंड. 35,000 पौंड मिळवायला त्या शिपायाला एकोणीसशे वर्षं नोकरी करावी लागली असती.

साडेसहा वर्षांच्या या चढणीत त्याने एकही लढाई पाहिली नव्हती. रेजिमेंट हाती आल्यावर त्याने त्याला जे कळत होतं तेच केलं: गणवेश, कवायत, बटणं, घोड्यांची चकाकी. यात तो खरोखर निष्णात होता आणि त्यावर स्वतःचे पैसे ओतत होता. पण ज्याला शिस्त राखायला शिकावंच लागलं नाही, त्याला शिस्त आणि हट्ट यांतला फरक कोण सांगणार? ऑगस्टस वाथेन नावाच्या, वॉटर्लूची लढाई पाहिलेल्या कॅप्टनशी त्याचं बिनसलं. कोर्ट मार्शल आयर्लंडमधल्या कॉर्कला भरलं. तिथे उघड झालं की अधिकाऱ्यांशी चाललेलं बोलणं टिपून घ्यायला कमांडरने आपली माणसं गुपचूप बसवली होती. वाथेन सन्मानाने सुटला आणि 1834 मध्ये लॉर्ड ब्रुडनेलला 15 व्या हुसार्सच्या प्रमुखपदावरून काढून टाकण्यात आलं.

एखाद्या गरीब अधिकाऱ्याची गोष्ट इथे संपली असती. ब्रुडनेलची बहीण लॉर्ड हाऊला दिलेली होती, आणि लॉर्ड हाऊ राणी ॲडलेडच्या दरबारी होता. दोन वर्षांत, 1836 मध्ये, त्याला दुसरी रेजिमेंट मिळाली, 11 वे लाइट ड्रॅगून्स. तिचा मुक्काम तेव्हा कानपूरला होता.

ही रेजिमेंट 1819 पासून हिंदुस्थानात होती. 1825-26 च्या भरतपूरच्या वेढ्यात ती लढली होती. तिच्यात एका ठरावीक तऱ्हेचे अधिकारी जमा झाले होते, आणि याचं कारणही पुन्हा खरेदी-विक्रीतच आहे. रेजिमेंट हिंदुस्थानात जायची आज्ञा निघाली की श्रीमंत अधिकारी पैसे देऊन दुसऱ्या रेजिमेंटशी अदलाबदल करत आणि लंडनजवळ राहत. त्यांच्या जागी येत ते ऐपत नसलेले, कारण इथे पगारात भागे. म्हणजे उन्हातान्हात खरी नोकरी केलेले, घोड्यांची आणि माणसांची जाण असलेले लोक ठरल्यासारखे गरीब असत. नवा कमांडर 1837 च्या ऑक्टोबरात कानपूरला पोहोचला. तोवर वडील वारले होते आणि तो सातवा अर्ल झाला होता. त्याने काही आठवडे तिथे काढले, वाघांची शिकार केली आणि तो परतला. रेजिमेंटही 1838 मध्ये इंग्लंडला आली.

तिथे त्याने त्या जुन्या अधिकाऱ्यांना नाव ठेवलं: ‘इंडियन ऑफिसर’. त्याच्या तोंडी ती शिवी होती. त्यांचे घामेजलेले चेहरे, स्वस्त सवयी, जेवणाच्या टेबलावरची पोर्टर ही स्वस्त काळी बिअर, काहीच त्याला आपल्या चकचकीत रेजिमेंटमध्ये नको होतं. 1840 मध्ये राणी व्हिक्टोरियाचा नियोजित वर प्रिन्स अल्बर्ट याला डोव्हरहून आणायचा मान 11 व्या रेजिमेंटला मिळाला. ती ‘प्रिन्स अल्बर्ट्स ओन हुसार्स’ झाली, स्वारांना गडद लाल तंग विजारी मिळाल्या. कार्डिगन दरवर्षी हजारो पौंड पदरचे घालून त्यांना सजवत राहिला.

त्याच वर्षीच्या मे महिन्यात मेसमध्ये पाहुण्याला मोझेल ही जर्मन पांढरी वाइन हवी होती. कॅप्टन जॉन रेनॉल्ड्सने ती काचेच्या सुरईत न ओतता मूळच्या काळ्या बाटलीतच टेबलावर मागवली. कार्डिगनला वाटलं ही पोर्टरची बाटली. दुसऱ्या दिवशी रेनॉल्ड्सला निरोप गेला की मेस म्हणजे खानावळ नाही. शब्दाने शब्द वाढला आणि हिंदुस्थानात नोकरी केलेला हा कॅप्टन अटकेत गेला. काळ्या बाटलीचं प्रकरण इंग्लंडभर गाजलं. पुढे कार्डिगन नाटकाला गेला की प्रेक्षक ‘काळी बाटली’ म्हणून ओरडत.

सप्टेंबरात हार्वी टकेट या 11 व्या रेजिमेंटच्या जुन्या कॅप्टनने त्याच्याविरुद्ध वर्तमानपत्रात पत्र लिहिलं. कार्डिगनने द्वंद्वाचं आव्हान दिलं. 12 सप्टेंबर 1840 ला विंबल्डनच्या माळावर बारा पावलांच्या अंतरावर दोघे उभे राहिले. पहिल्या फैरीत कोणी लागलं नाही. दुसऱ्या फैरीत टकेट जखमी झाला. माळावरच्या पवनचक्कीचा मालक गावाचा कॉन्स्टेबलही होता. त्याने चक्कीतून सगळं पाहिलं, तो धावत आला आणि अर्लला त्याने जागीच अटक केली. खटला मात्र साध्या कोर्टात चालू शकत नव्हता. गंभीर गुन्ह्याचा आरोप असलेल्या पिढीजात उमरावाचा न्याय त्याच्या बरोबरीच्या उमरावांनीच करायचा, असा हक्क होता. तो 1948 मध्ये संपला. 16 फेब्रुवारी 1841 ला हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये सुनावणी झाली. आरोपपत्रात जखमीचं नाव ‘हार्वी गार्नेट फिप्स टकेट’ होतं. पुराव्यात आलेल्या भेटपत्रावर फक्त ‘कॅप्टन हार्वी टकेट’. हे दोघे एकच आहेत हे फिर्यादी पक्षाने सिद्ध केलं नाही, असा बचावाचा मुद्दा. उमराव एकेक करून छातीवर हात ठेवून म्हणत गेले, ‘माझ्या सन्मानाची शपथ, निर्दोष.’ क्लीव्हलंडच्या ड्यूकने फक्त एक शब्द वाढवला: ‘कायद्याने निर्दोष.’ त्या एका शब्दासाठी मला तो माणूस लक्षात राहिला आहे.

दोन महिन्यांनी ईस्टरच्या रविवारी, प्रार्थना आटोपल्यावर, कार्डिगनने एका शिपायाला शंभर फटके मारवले. पुन्हा गदारोळ झाला, संसदेत प्रश्न आले. रेजिमेंट त्याच्याकडेच राहिली.

रशियाविरुद्धच्या क्रिमियाच्या युद्धासाठी 1854 मध्ये घोडदळाची फौज बांधली तेव्हा हलक्या घोडदळाची, म्हणजे लाइट ब्रिगेडची, सूत्रं कार्डिगनला दिली आणि संपूर्ण घोडदळाची लॉर्ड लुकनला. लुकन हाही पिढीजात अर्ल, त्यानेही तरुणपणी मोठ्या रकमेने 17 वे लान्सर्स ही भालाईत स्वारांची रेजिमेंट घेतलेली. तो कार्डिगनच्या धाकट्या बहिणीचा नवरा होता आणि दोघांचं एकमेकांशी विस्तवही जात नसे. कार्डिगन आपली ब्रिगेड स्वतंत्र आहे असं धरून चाले. लुकन त्याला हाताखालचा माने.

गोळी सुटायच्या आधीच नुकसान सुरू झालं. रशियन फौज डॅन्यूब नदीवरून मागे हटली आहे का हे बघायला जूनच्या अखेरीस कार्डिगन जवळजवळ दोनशे स्वार घेऊन डोब्रुजाच्या उजाड प्रदेशात गेला. सतरा दिवस. पाणी कमी, चंदी कमी, ऊन कडक. स्वार, हत्यारं, खोगीर, अंथरूण, दाण्याची पिशवी मिळून त्या काळच्या घोड्याच्या पाठीवर सव्वाशे किलोच्या आसपास वजन असे. घोडा उपाशी राहिला की आधी पाठीचं मांस उतरतं. तंदुरुस्त पाठीवर बेतलेलं खोगीर मग खाली बसतं आणि त्याची लाकडी चौकट मणक्यावर आणि खांद्याच्या उंचवट्यावर घासू लागते. घामाने भिजलेली घडीची कांबळ त्यात भर घालते. आधी केस जातात, मग सूज, मग पू. यावर उपाय साधे आहेत आणि घोड्याच्या संगतीत वाढलेला कोणीही ते सांगेल: मुक्काम लवकर करायचा, खोगीर उतरवण्याआधी पाठ हळूहळू थंड होऊ द्यायची, कांबळीची घडी दुखऱ्या जागी बदलायची, स्वारांनी काही कोस पायी चालायचं, आणि पाठ फुटलेला घोडा मोकळा चालवायचा. कार्डिगनने मजलेवर मजल मारली. परत आले तेव्हा डझनावारी घोडी मेलेली किंवा कायमची निकामी होती, स्वार त्यांना ओढत पायी येत होते. सैनिकांनी या मोहिमेला नावच दिलं, पाठी फुटल्याची टेहळणी.

बालाक्लाव्हाला त्याची ‘ड्रायड’ नावाची खासगी नौका 13 ऑक्टोबरला बंदरात आली. प्रकृतीच्या कारणाने सरसेनापती रॅग्लनने त्याला नौकेवर झोपायची परवानगी दिली. ब्रिगेड तंबूत, सेनापती बंदरात. 25 तारखेच्या पहाटे रशियनांनी हल्ला केला तेव्हा तो जागेवर नव्हता.

त्या दिवसाबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे, मी दोन-तीन जागांवरच थांबतो. सकाळी हेवी ब्रिगेडने, म्हणजे जड घोडदळाने, चढावरच्या मोठ्या रशियन घोडदळावर धाव घेऊन आठ-दहा मिनिटांत ते मोडलं. पळणाऱ्यांच्या बाजूला, काहीशे यार्डांवर, लाइट ब्रिगेड उभी होती. 17 व्या लान्सर्सच्या कॅप्टन मॉरिसने विनवलं, आता तुटून पडू. मॉरिसने पंजाबातल्या लढाया पाहिल्या होत्या. कार्डिगन म्हणाला, मला ही जागा सोडायचा हुकूम नाही. पळत्या घोडदळाचा पाठलाग हेच हलक्या घोडदळाचं मुख्य काम. त्या पाच मिनिटांत ते काम समोर चालून आलं होतं आणि हातचं गेलं.

मग रॅग्लनचा हुकूम आला. तो डोंगरकड्यावर सहाशे फूट उंच उभा होता. रशियन लोक टेकडीवरच्या, त्या सकाळी जिंकलेल्या मोर्च्यांतून इंग्रजी तोफा ओढून नेत आहेत हे त्याला दिसत होतं. पेन्सिलीने लिहिलेल्या चिठ्ठीत त्याने घोडदळाला पुढे जाऊन शत्रूला तोफा नेण्यापासून रोखायला सांगितलं. खाली दरीत उभ्या लुकनला टेकडीआडच्या त्या तोफा दिसतच नव्हत्या. त्याला दिसत होत्या त्या दरीच्या पार टोकाला, सव्वा मैलावर, रशियनांनी स्वतः मांडलेल्या तोफा. ‘कुठल्या तोफा?’ हा त्याचा प्रश्न योग्य होता. चिठ्ठी आणणाऱ्या कॅप्टन लुई नोलनने हात लांबवून कुठेतरी दाखवलं, आणि त्या हाताची दिशा अजून वादात आहे.

हा नोलन 15 व्या हुसार्सचा, कार्डिगनला जिथून काढलं त्याच रेजिमेंटचा, आणि हिंदुस्थानात नोकरी केलेला. घोडदळावर त्याने मन लावून लिहिलं होतं. निजामाच्या स्वारांच्या तलवारीने हात-डोकी तुटतात हे वाचून त्याने चौकशी केली. ती पाती इंग्रजांनीच टाकून दिलेली जुनी होती! फरक एवढाच की निजामाचे स्वार त्यांना धार लावून लाकडी म्यानात ठेवत आणि गरजेशिवाय उपसत नसत. इंग्रजी स्वाराची तलवार पोलादी म्यानात खडखडत राही, प्रत्येक कवायतीला उपसली जाई आणि बोथट होई. त्याच सकाळी हेवी ब्रिगेडच्या तलवारी रशियनांच्या जाड कोटांवरून घसरल्या होत्या. हे ज्ञान एका ‘इंडियन ऑफिसर’कडे होतं, आणि ते ऐकायची कार्डिगनची तयारी नव्हती.

लुकनने हुकूम दिल्यावर कार्डिगनने तलवार खाली करून सलाम केला आणि सांगितलं की समोर दरीच्या टोकाला तोफा आहेत आणि दोन्ही बाजूंच्या टेकड्यांवर तोफा आणि बंदूकधारी आहेत. लुकन म्हणाला, मला ठाऊक आहे, पण रॅग्लनची तीच इच्छा आहे. कार्डिगन वळला. पुढे 13 वे लाइट ड्रॅगून्स आणि 17 वे लान्सर्स, त्यांच्या मागे 11 वे हुसार्स, तिसऱ्या ओळीत 4 थे लाइट ड्रॅगून्स आणि 8 वे हुसार्स. सगळे मिळून साधारण 670. सर्वांच्या पुढे रोनाल्ड या तांबूस घोड्यावर एकटा कार्डिगन, ताठ बसलेला, मागे न बघता.

थोड्याच अंतरावर नोलन तिरका पुढे धावला आणि ओरडला. फुटलेल्या गोळ्याच्या तुकड्याने त्याची छाती फुटली. घोडा वळला आणि स्वार मेलेला असूनही खोगिरात बसलेल्या स्थितीत ओळींमधून मागे आला. कार्डिगन दुडकी चालीवर ठाम राहिला. तोफा अजून दूर असताना भरधाव सोडलं तर घोडी पोहोचेपर्यंत दमतात आणि ओळ फुटते, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. 17 व्या लान्सर्सचा एक कॅप्टन बरोबरीला आला तेव्हा त्याने तलवारीचं पातं आडवं धरून त्याला मागे लोटलं. दोन्ही बाजूंनी गोळे येत होते. माणूस पडला की शेजारचे मध्याकडे सरकत आणि ओळ पुन्हा जुळे. स्वार गेलेली घोडी एकटी भेदरतात, म्हणून ती ओळीत घुसून जिवंत स्वारांना चिकटून धावत होती. शेवटच्या टप्प्यात समोरच्या आठ तोफांनी छर्रे भरले. आयुष्यभर त्याने घोटलेली कवायत या सात-आठ मिनिटांत पूर्ण कामाला आली. ब्रिगेड तुटली नाही, तोफांपर्यंत पोहोचली, आणि कार्डिगन सर्वांत आधी पोहोचला.

पुढे काय करायचं हे मात्र त्याला येत नव्हतं. तोफांच्या मागे धुरात कोसॅकांनी, म्हणजे रशियन भालाईत स्वारांनी, त्याला घेरलं, मांडीला भाल्याचं टोक लागलं, तो निसटला आणि मागे फिरला. साध्या शिपायांत मिसळून लढणं हे सेनापतीचं काम नाही, असं त्याने नंतर सांगितलं. ते खरंच होतं. पण विस्कटलेल्या ओळी गोळा करणं, मागच्या दोन ओळींना दिशा देणं, परतीचा रस्ता ठरवणं हे सेनापतीचंच काम होतं. ते तिसऱ्या ओळीचा प्रमुख लॉर्ड जॉर्ज पॅजेट आणि इतर अधिकाऱ्यांनी जमेल तसं केलं. पॅजेट कार्डिगन कुठे आहे हे विचारत राहिला. सुमारे 110 माणसं मेली, दीडशेच्या वर जखमी झाली, साडेतीनशेच्या वर घोडी गेली.

बहुतेकजण इथे थांबतात. मला मात्र त्यानंतरचे सहा आठवडे जास्त छळतात. उरलेली ब्रिगेड बंदरापासून काही मैलांवर पठारावर हलवली. 14 नोव्हेंबरच्या वादळात वैरण आणि गरम कपड्यांची जहाजं बुडाली. रस्ता चिखलात गेला, ओझ्याची जनावरं संपली. बंदरात जव पडून होते, पठारावर घोडी उपाशी होती. पुरवठा अधिकारी म्हणत होता, घोडी खाली पाठवा आणि धान्य घेऊन जा. कार्डिगनने ते मानलं नाही. घोड्यांनी एकमेकांच्या शेपट्या आणि आयाळी खाल्ल्या, खोगिरांचं कातडं चघळलं. खुंट्याला बांधलेली, चिखलात रुतलेली घोडी उभ्या उभ्या मेली. तोफांतून वाचून आलेली घोडी तिथे संपली. 1856 च्या मॅकनील आणि टुलक यांच्या सरकारी अहवालात यासाठी लुकन आणि कार्डिगन या दोघांवर ठपका आला. घोड्याला वेळेवर चंदी पोहोचवणं हे आपल्याकडच्या कुठल्याही शिलेदाराचं पहिलं काम, कारण घोडा त्याचा स्वतःचा असे, मेला तर तोच बुडे. कार्डिगनने रेजिमेंट विकत घेतली होती. घोडी सरकारची होती.

तोवर तो डिसेंबरातच आजारी म्हणून निघून गेला होता. लंडनने त्याला डोक्यावर घेतलं, राणीने विंडसरला जेवायला बोलावलं, 1855 ते 1860 तो साऱ्या घोडदळाचा इन्स्पेक्टर जनरल होता. तो तोफांपर्यंत पोहोचलाच नाही असं एका अधिकाऱ्याने छापलं, तेव्हा 1863 मध्ये तो कोर्टात गेला. खटला हरला, पण तो पोहोचला होता एवढं तिथे मान्य झालं. 28 मार्च 1868 ला डीन पार्कला घोड्यावरून पडल्यानंतर तो वारला. मूलबाळ नव्हतं, उपाधी चुलत घराण्यात गेली.

हुद्देखरेदी बंद करायचं विधेयक युद्धमंत्री कार्डवेलने 1871 मध्ये आणलं. कॉमन्सने ते मंजूर केलं. पिढीजात उमरावांनी भरलेल्या लॉर्ड्सने अडवलं. शेवटी व्हिक्टोरिया राणीच्या फर्मानाने ती रद्द झाली आणि 1 नोव्हेंबर 1871 नंतर ब्रिटिश सैन्यात कुठलाही हुद्दा विकत मिळेनासा झाला.

रोनाल्ड तेव्हा डीन पार्कच्या कुरणात होता. दरीतून आणि त्या हिवाळ्यातून तो जिवंत परतला, धन्याच्या मागे चार वर्षं जगला आणि 1872 च्या जूनमध्ये मेला. त्याचं डोकं त्या घरात काचेच्या पेटीत अजून ठेवलेलं आहे.